कोसमी नाल्याचा नमुना

हिवरी नदी डोंगरातून येत नाही. भंडाऱ्याकडच्या सपाट धानपट्ट्यातल्या जुन्या तलावांचं ओसंडलेलं पाणी खाचरांच्या कडेकडेनं गोळा होत जातं, त्यालाच लोक नदी म्हणतात. सेहेचाळीस किलोमीटर रमतगमत जाऊन ती वैनगंगेत शिरते. वाटेत तिला सात नाले मिळतात, त्या नाल्यांना आणखी बारके नाले. देवांगना मारबतेला हे सगळे फाटे तोंडपाठ होते. तिचा बाप ढिवर. जाळं खांद्यावर टाकून तो जन्मभर याच पाण्यात हिंडला आणि त्याच्या मागे मागे ही. कुठल्या नाल्यात वाम सापडते आणि कुठल्या नाल्यात मरळ, हे तिला शाळेत नाव घालण्याआधीच कळत होतं. त्याच भांडवलावर पुढे तिला हिवरी खोरे अभ्यास केंद्रात नोकरी लागली.

काम साधं होतं. दर आठवड्याला प्रत्येक संगमावर उतरायचं, लिटरभर पाणी बाटलीत भरायचं आणि गाडीतल्या यंत्राला द्यायचं. यंत्राचं नाव जलवाचक. ते डॉ. नीलकंठ लांजेवारांनी अकरा वर्षं खपून तयार केलं होतं. मासा असो, म्हैस असो की बेडूक, पाण्याशी संबंध आलेला प्रत्येक जीव त्यात आपलं काहीतरी सोडून जातो. खवल्याचा कण, लाळ, कातडीची भुकटी. त्यातल्या एकेका पेशीत त्या जीवाचा डीएनए असतो. जलवाचक या पेशी गाळून वेगवेगळ्या करतो आणि एकेक वाचतो. चाळीस मिनिटांत पडद्यावर यादी येते, की या पाण्याच्या वरच्या अंगाला कोण कोण राहतं. पाण्यातला डीएनए दोन दिवसांत विरून जातो, त्यामुळे ही यादी नेहमी ताजी असते. लांजेवारांना त्यातून मासे मोजायचे होते. नामशेष होत चाललेली मासळी कुठल्या फाट्यात तग धरून आहे, हे त्यांना शोधायचं होतं.

माणसांच्या पेशीही पाण्यात असतातच. त्या यंत्र बाजूला टाकायचं. नमुना घेणारीच्या, म्हणजे देवांगनाच्या पेशी तर ते ओळखून वगळायचं.

नोव्हेंबरातल्या एका सकाळी केंद्राच्या टेबलावर प्लास्टिकच्या पिशवीत घातलेला एक कंगवा येऊन पडला. कंगव्यात लांब केस अडकले होते.

कंगवा आणला होता बाबारावांनी. तालुक्यातल्या मोठ्या राइस मिलचे मालक. सोबत त्यांचा मुलगा निलेश आणि ठाण्याचे फौजदार सोनवाने. बाबारावांचे डोळे लाल झाले होते.

"पोरगी आहे माझी, डॉक्टरसाहेब. तेजस्विनी. बावीस वर्षांची," ते म्हणाले. "डोक्यावर परिणाम झाला तिच्या. तीन आठवडे झाले, घरातून निघून गेली. शेवटची दिसली ती हिवरीच्या पुलावर, एसटीतून उतरताना. तुमच्या मशीनला बेडूक सापडतो म्हणतात. माझी पोर सापडणार नाही का?"

लांजेवारांनी पिशवी उचलून कंगवा उजेडात धरला. देवांगना त्यांना नऊ वर्षं ओळखत होती. हा माणूस आता बाबारावांच्या दुःखाचा विचार करतोय की आपल्या यंत्राचा, हे तिला चेहऱ्यावरून सांगता आलं असतं. दोन्हींचा करत होता.

"सापडू शकते," ते शेवटी म्हणाले. "मोठ्या गावाच्या सांडपाण्यात नाही सांगता येणार. पण या खोऱ्यात वस्ती विरळ आहे. ती पाणी वापरत असेल, तर पाण्यात असेल."

नदीवर माणूस शोधायची रीत लांजेवारांनी त्याच दुपारी ठरवली. अगदी खाली, वैनगंगेच्या तोंडाशी पहिला नमुना. तिथे तेजस्विनीची पेशी सापडली, तर ती खोऱ्यात आहे. मग वर सरकत प्रत्येक संगमावर दोन बाटल्या, एक नदीची आणि एक नाल्याची. ज्या बाटलीत ती निघेल, तो फाटा धरायचा. दुसरा सोडून द्यायचा. दर संगमाला शोधायचा मुलूख अर्ध्यावर येणार.

तोंडाशी घेतलेल्या पाण्यात जलवाचकाला तिच्या सहा पेशी सापडल्या. लांजेवारांनी टेबलावर थाप मारली. देवांगनालाही भरून आलं. कुणाची तरी आजारी लेक, आणि तिला आपण घरी नेणार. पहिल्या दिवशी ती गुडघाभर पाण्यात उतरली ती त्याच उत्साहात. पहिला नाला रिकामा निघाला, दुसरा रिकामा, तिसरा रिकामा. नदीच्या बाटलीत मात्र दर वेळी आकडा वाढत होता. सहाच्या अकरा झाल्या, अकराच्या एकोणीस.

"म्हणजे जवळ चाललो आपण," निलेश म्हणाला. तो तिशीचा, नीटनेटका, बोलायला मऊ. सगळ्यांसाठी चहाचा थर्मास त्यानंच आणला होता.

दुसऱ्या दिवशी चौथ्या संगमाजवळ ती वाळूवर बुटातलं पाणी उपसत बसली होती. पलीकडे झाडाआड निलेश फौजदारांशी बोलत होता. तिथून आपला आवाज पोचतो, हे त्याच्या ध्यानात नसावं.

"तुम्ही ताब्यात वगैरे घेऊ नका, साहेब. कागद वाढतात. फक्त जागा कळली की आम्हाला सांगा. पुढचं आम्ही घरचे बघतो."

"गेल्या वेळी घरी आणून सोडली, तेव्हा सांभाळली नाही तुम्ही," सोनवाने म्हणाले.

"यावेळी प्रश्नच येणार नाही."

देवांगनाचा हात बुटातच राहिला. तिला ऑगस्टमधली एक बातमी आठवली. राइस मिलवर ट्रॅक्टर चालवणारा प्रज्वल नावाचा तरुण कालव्यात पाय घसरून बुडाला होता. बातमीत शेवटी एक ओळ होती, की त्यानं नुकतंच मालकाच्या मुलीशी नोंदणी पद्धतीनं लग्न केलं होतं. प्रज्वल पट्टीचा पोहणारा होता. ढिवरांच्या पोरांबरोबर शर्यती लावायचा. पाय घसरून तो बुडेल, यावर नदीकाठी कुणाचाच विश्वास बसला नव्हता, पण बोललं कुणीच नव्हतं.

संध्याकाळपर्यंत ते सहाव्या संगमापर्यंत पोचले. तिथून वर हिवरी उरतच नाही. डावीकडून कोसमी नाला येतो, उजवीकडून भुरकी नाला. भुरकी निघतो दगडाच्या एका बंद खदानीतून. खदान पाण्यानं भरलेली, तळ कुणी पाहिलेला नाही. कोसमी निघतो कोसमीच्या तलावातून. त्या तलावाच्या पाळीवर, म्हणजे मातीच्या बांधावर, एकच घर आहे. मच्छीमार सोसायटीतर्फे मासळीची राखण करणाऱ्या सगुणाबाईचं. सगुणाबाई म्हणजे देवांगनाची सख्खी आत्या.

उजेड कमी झाला म्हणून शेवटचे दोन नमुने सकाळी घ्यायचे ठरलं. "आत्याकडे मुक्काम करते, इथून जवळ आहे," असं लांजेवारांना सांगून देवांगना पाळीच्या वाटेला लागली.

आत्या दारातच जाळं दुरुस्त करत बसली होती. देवांगनाला पाहून ती उठली नाही, आणि तेवढ्यावरूनच देवांगनाला काय ते समजलं.

"कोठं आहे ती?"

"कोन व?"

"आत्या, माझ्याशी खोटं नको बोलू. उद्या सकाळी ते इथं येतील."

आत्यानं सुई जाळ्यात खोचली. "पाळीवर बसून होती पोरगी. दिवसभर. पान्याकडं पाहाची तिची रीत मले बरी नाही वाटली. म्हनून हाक मारली, जेव म्हटलं. राह्यली मग. तीन महिन्याची पोटुशी आहे व, देवू. कोनाले सांगू मी?"

तेजस्विनी आतल्या खोलीच्या उंबऱ्यात येऊन उभी राहिली. आत्याचं लुगडं तिला आखूड होत होतं. तिच्या डोक्यावर परिणाम झालेला नव्हता, हे पहिल्या वाक्यातच दिसलं.

"ताई, मी कुणाला फोन केला नाही. एटीएम वापरलं नाही. बाहेरसुद्धा पडले नाही," ती म्हणाली. "तुम्हाला कळलं कसं?"

देवांगनानं तिला जलवाचक समजावून सांगितला. भांडी घासलेलं पाणी, अंघोळीचं पाणी, चूळ भरलेलं पाणी पाळीवरून नाल्यात कसं जातं, नाल्यातून नदीत कसं जातं. आपण काल सकाळपासून संगमासंगमावर तिला कसं शोधत आलो, तेही लपवलं नाही. सांगताना तिला स्वतःचीच किळस आली.

तेजस्विनी भिंतीला टेकून खाली बसली. "प्रज्वल गेला त्या दिवशी निलेशदादाचे कपडे ओले होते. मी ठाण्यात जाऊन सांगितलं. त्यांनी गाडीत घालून मला घरीच आणून सोडलं." मग तिनं पोटावर हात ठेवला. "घरच्यांना याचं माहीत नाही अजून. कळलं तर हे बाळ ते राहू देणार नाहीत. आता मी दुसऱ्या गावाला गेले, तर तिथल्या नदीत सापडेन. पाण्याशिवाय कोण राहतं, ताई?"

देवांगनानं पिशवी उघडली. तीत तीन रिकाम्या बाटल्या होत्या. तिनं चुलीवर पाणी उकळून निववलं आणि एक बाटली तेजस्विनीसमोर धरली. "हात चोळून यात धू. चूळ भरून यात टाक. जितकं जमेल तितकं."

सकाळी संगमावर सगळे हजर होते. बाबाराव खुर्ची टाकून काठावर बसले होते. सोनवानेंना बूट भिजवायचे नव्हते, त्यामुळे नमुन्याचे साक्षीदार म्हणून ते दहा पावलांवर वाळूतच उभे राहिले. देवांगना आधी भुरकीत उतरली. पाठ काठाकडे करून तिनं एक बाटली भुरकीच्या स्वच्छ पाण्यानं भरली आणि जाकिटाच्या आत सरकवली. मग वाकून, हात पाण्याखाली ठेवूनच तेजस्विनीच्या बाटलीतलं पाणी सोडलं आणि दोन हातांवर खाली भुरकीचा नमुना भरला. कोसमीत उतरल्यावर तिथली बाटली जाकिटात गेली आणि जाकिटातली बाहेर आली. तिनं दोन्ही बाटल्यांना लेबलं चिकटवली आणि त्या गाडीत नेऊन दिल्या. 

चाळीस मिनिटांनी लांजेवार गाडीतून उतरले. त्यांचा चेहरा उतरला होता.

"कोसमीत नाही," ते म्हणाले. "भुरकीत आहे. पण..." ते बाबारावांच्या समोर उकिडवे बसले. "भुरकीत चार हजारांवर पेशी आल्या आहेत. जिवंत माणूस नाल्याच्या पाण्यात इतकं सोडत नाही. वर खदान आहे. मला वाईट वाटतं सांगायला."

देवांगनाला हा अर्थ सुचलाच नव्हता. तिला फक्त फाटा चुकवायचा होता. तिनं बाबारावांकडे पाहिलं. बाबारावांनी डोळे मिटले, छाती भरून श्वास घेतला आणि सोडला. दिवसभराचं ओझं हमालानं उतरवून ठेवावं तसे त्यांचे खांदे सैल पडले. रडले ते नंतर, लोक जमल्यावर.

"नक्की ना, डॉक्टर?" निलेशनं विचारलं. त्याचा आवाज तसाच मऊ होता.

ते मिटलेले डोळे आणि तो सुटकेचा श्वास लांजेवारांनीही पाहिला. ते गाडीत परत गेले. देवांगना मागोमाग गेली, तेव्हा ते माशांची यादी पाहत होते. ही यादी जलवाचक सवयीनं दर नमुन्याला काढतोच.

"देवांगना, कोसमीच्या नमुन्यात एकही वाम नाही."

तिनं गाडीचं दार आतून लावून घेतलं.

"या फाट्यात वाम असते, हे मला तूच पहिल्यांदा दाखवलंस. आणि या दोन्ही बाटल्यांत भुरकीचीच खडकातली मासळी आहे." त्यांनी चष्मा काढला. "ती जिवंत आहे?"

"हो सर."

बाहेर निलेश थर्मासमधून सगळ्यांना चहा ओतून देत होता. लांजेवारांनी काचेतून त्याच्याकडे पाहिलं. मग त्यांनी अहवालाखाली सही केली.

खदानीत पाणबुडे तीन दिवस उतरले. तळ लागला नाही, प्रेत मिळालं नाही. बाबारावांनी तेरावं केलं. त्याच्या आतच देवांगनानं तेजस्विनीला चंद्रपूरकडच्या एका खेड्यात, आत्याच्या नणंदेकडे नेऊन सोडलं. मे महिन्यात तिला मुलगी झाली. फोनवर बाळाचं रडणं ऐकून आत्या हसली, आणि देवांगनाला वाटलं की झालं, सुटलो.

पण हिवरीवरच्या शोधाची बातमी राज्यभर गाजली होती. हरवलेली माणसं, फरारी गुन्हेगार, पळालेली मुलं, सगळ्यांचा माग आता नदीतून लागणार होता. सरकारनं जलवाचकाचं तंत्र लांजेवारांकडून घेतलं. देताना ते दोन महिने टाळाटाळ करत होते, पण केंद्र सरकारी, यंत्र सरकारी. वर्षभरात पुलापुलाखाली खांब उभे राहिले. खांबावर करडी पेटी. तीच पाणी ओढणार, तीच वाचणार, तीच कळवणार. बाटली भरायला माणूस नको. देवांगनाला कार्यालयात पडद्यासमोर बसवलं.

पुढच्या जानेवारीत एका सोमवारी सकाळी बाबाराव तिच्या टेबलासमोर येऊन उभे राहिले. अंगावर पांढरे स्वच्छ कपडे, हातात मोबाइल.

"नमस्कार बाई. ओळखलं ना?" ते म्हणाले. "हे बघा, पहाटे काय आलं." प्रेत न मिळाल्यामुळे हरवल्याची फाइल कागदोपत्री उघडीच राहिली होती, आणि पेटीनं नियमाप्रमाणे अर्जदाराला सूचना पाठवली होती. तेजस्विनीची पेशी मिळाली आहे. तिच्यासोबत दुसऱ्या एका व्यक्तीच्या पेशी आहेत. स्त्री. निम्मा डीएनए तेजस्विनीशी जुळतो.

"म्हणजे मी आजोबा झालो म्हणायचं," बाबाराव हसले. "मशीन खोटं बोलत नाही. फक्त जागेच्या ठिकाणी हा नंबर आहे. क तीनशे सतरा. हे कोणतं गाव, तेवढं सांगा. निलेश गाडी सुरू करून बसला आहे."

देवांगनानं पडद्यावर नंबर टाकला. चंद्रपूरकडचं खेडं समोर आलं. तिनं पडदा किंचित स्वतःकडे वळवला.

"गोंदियाच्या पलीकडे," ती म्हणाली. "सीमेजवळ. आमगाव रस्त्यानं जा, पुढं विचारा."

"उपकार झाले." त्यांनी हात जोडले. दारात थांबून ते वळले. "तेव्हा त्या बाटल्या तुम्हीच भरल्या होत्या, नाही का?"

ते गेले. गोंदियापर्यंत दोन तास, तिथून ठाण्यात एक फोन, की खरी जागा कळणार. तेजस्विनीकडे फोन वाजत राहिला, कुणी उचलला नाही. देवांगना धावत लांजेवारांच्या खोलीत गेली. निम्मं ऐकून होण्याआधीच त्यांनी गाडीची किल्ली उचलली होती.

दीडशे किलोमीटर ते कुठेही न थांबता गेले. वाटेत लागलेल्या प्रत्येक पुलाखाली पेटी होती. तेजस्विनी अंगणात बाळाला उन्हात घेऊन बसली होती. फोन आत चार्जिंगला लावलेला. गाडी पाहून तिनं काही विचारलं नाही. आत जाऊन बाळाची दुपटी गोळा केली आणि येऊन मागे बसली.

"कुठे जायचं?" लांजेवारांनी नकाशा उघडला. निळ्या रेघा सगळीकडे पसरल्या होत्या. त्यातल्या बहुतेक त्यांनी स्वतः आखल्या होत्या, प्रत्येक संगमावर लाल टिंब देऊन. त्यांनी नकाशा मिटला.

"एकच उपाय दिसतो," ते म्हणाले. "यंत्र फसतं, हे जाहीर करायचं. हिवरीचा तो निकाल बनावट होता, एका माणसानं दोन बाटल्यांनी ते फसवलं, आणि मला कळूनही मी सही केली, असं मी लिहून देतो. वर्तमानपत्रांना, न्यायालयाला, सगळ्यांना. ज्या यंत्राला बाटलीभर पाण्यानं फसवता येतं, त्याच्या निरोपावर कुणी माणूस शोधायला निघू नये. पेट्या बंद कराव्या लागतील त्यांना."

"त्यात माझं नाव येईल."

"येईल. माझंही येईल. तुझी नोकरी जाईल. कदाचित खटलाही होईल."

मागच्या सीटवर बाळ जागं होऊन आवाज काढत होतं. देवांगनाला बापाची आठवण झाली. एका पैशाचं लबाडीचं काम त्यानं कधी केलं नव्हतं. गावात आता त्याची पोरगी सरकारी कागदात खोटं करणारी म्हणून ओळखली जाणार होती.

"लिहा, सर," ती म्हणाली. "बाटल्या कशा बदलल्या ते मी सांगते. सगळं लिहा."

त्यांनी सहा पानं लिहिली. देवांगनानं शेवटी सही केली आणि शुक्रवारी ते निवेदन सगळीकडे गेलं. दोन वर्तमानपत्रांत ते आतल्या पानावर आलं. देवांगना निलंबित झाली, लांजेवारांना रजेवर पाठवण्यात आलं. प्रज्वलच्या मृत्यूची फाइल पुन्हा उघडावी, असा अर्ज दोघांनी तेजस्विनीच्या सहीनं उच्च न्यायालयात केला. त्याला तारीख मिळाली, सहा महिन्यांपुढची.

तेजस्विनी आणि तिची मुलगी त्यानंतर कुठे गेल्या, हे ही गोष्ट सांगणाऱ्यालाही ठाऊक नाही आणि असतं तरी इथं लिहिलं नसतं. त्या एका जागी पंधरा दिवसांच्या वर राहत नाहीत, एवढंच.

निवेदनाचं सरकारी उत्तर मार्चमध्ये आलं. देवांगनानं ते लांजेवारांच्या घरच्या ओट्यावर बसून मोठ्यानं वाचलं. चारच ओळी होत्या.

"आपल्या निवेदनाबद्दल आभार. आपण दिलेल्या तपशिलामुळे प्रणालीतील एक गंभीर त्रुटी लक्षात आली. यापुढे पेशींच्या संख्येबरोबर सोबतच्या माशांची यादीही पडताळून पाहिली जाईल. राज्यातील सर्व पेट्यांमध्ये ही सुधारणा दिनांक एक मार्चपासून लागू करण्यात आली आहे."

लांजेवारांनी कागद मागितला. तिनं दिला. त्यांनी तो दोनदा वाचला, घडी घातली, आणि मग ती घडी उलगडून पुन्हा वाचायला लागले.